विश्लेषण : गोव्यातल्या ‘इन्क्विझिशन’चा बाळकुमशी काय संबंध? प्रियोळकरांच्या पुस्तकात नेमके काय आहे?

गोव्यातल्या पोर्तुगीज काळाचा विषय निघाला, की ‘इन्क्विझिशन’ हा शब्द मोबाइलवर फिरू लागतो. गोवा सरकारने २०२२ च्या अर्थसंकल्पात पोर्तुगीजांनी पाडलेल्या मंदिरांसाठी २० कोटींची तरतूद केली, तेव्हा हेच झाले. २०२४ मध्ये सेंट फ्रान्सिस झेवियर यांच्या अवशेषांच्या डीएनए चाचणीच्या मागणीवरून वाद पेटला, तेव्हाही. या फॉरवर्डमधले अनेक तपशील अखेर एका पुस्तकापाशी जाऊन थांबतात : अ. का. प्रियोळकर यांचे ‘द गोवा इन्क्विझिशन’.

प्रियोळकर कोण?

जन्म १८९५, गोव्यातले प्रियोळ. मुंबईतल्या मराठी संशोधन मंडळाचे संचालक, १९५१ च्या कारवार साहित्य संमेलनाचे अध्यक्ष. जुन्या मराठी पोथ्यांचे पाठ तपासणारा हा माणूस, प्रचारक नव्हे. पुस्तक इंग्रजीत, १९६१ मध्ये आले. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये गोवा मुक्त झाला.

हे न्यायालय काय करत होते?

१५६० ते १८१२, मधली चार वर्षे (१७७४ ते १७७८) वगळता, हे धर्मन्यायालय चालले. झेवियर यांनी १५४६ मध्ये पोर्तुगालच्या राजाला पत्र लिहून त्याची मागणी केली होती. पण ते १५५२ मध्येच वारले. त्यामुळे ‘झेवियरनी इन्क्विझिशन चालवले’ हे वाक्य तारखांच्या हिशेबातच बसत नाही.

फॉरवर्डमध्ये हमखास सुटणारी गोष्ट आणखी एक. खटले प्रामुख्याने बाप्तिस्मा घेतलेल्यांवर चालले : ज्यू वंशाचे ‘नवख्रिस्ती’ आणि नव्याने धर्मांतरित झालेले स्थानिक. धर्मांतरात आडकाठी आणल्याच्या आरोपावरून हिंदूही त्यात ओढले जात. १७३६ च्या फर्मानाने स्थानिक ख्रिस्ती घरांतल्या चालीरीतींवरच घाला घातला. लग्नात हळद लावणे, विडे देणे, दारात तुळस ठेवणे, सगळे गुन्हा. म्हणजे धर्म बदलूनही सुटका नव्हतीच.

ठाण्याशी नाते

या न्यायालयाचा अधिकार पोर्तुगीजांच्या पूर्वेकडच्या सगळ्या मुलखावर होता. १५३४ च्या तहाने वसई, साष्टी त्यांच्याकडे गेली. (ही मुंबई-ठाण्याची साष्टी, गोव्यातली वेगळी.) खाडीकाठचे बाळकुम याच बेटावर. आज कोलशेत रस्त्यावर टॉवर उभे आहेत, तिथे १७३७ मध्ये मराठ्यांनी ठाणे घेईपर्यंत पोर्तुगीजांचाच अंमल होता. फ्रेंच डॉक्टर शार्ल देलाँ याला १६७३ मध्ये दमणमध्ये पकडून पुढे गोव्याच्या कोठडीत डांबले. न्यायालयाचा हात उत्तर कोकणच्याही पलीकडे कसा पोहोचत होता, ते यावरून दिसते.

पुराव्यांचे काय?

प्रियोळकरांची खरी अडचण इथेच होती. न्यायालय बंद झाल्यावर गोव्यातले बहुतेक कागद जाळले गेले. त्यामुळे त्यांना देलाँचे १६८७ चे पुस्तक आणि १८०८ मध्ये गोव्यात आलेल्या क्लॉडियस बुकॅननच्या टिपणांवर बराच भर द्यावा लागला. एक स्वतः कैदी, दुसरा प्रोटेस्टंट धर्मगुरू. दोघेही तटस्थ नव्हेत, आणि पुस्तकावरचा हा आक्षेप वाजवी आहे. पण त्यावरून ‘सगळे रचलेले’ म्हणणेही टिकत नाही. कारण जोआँव देल्गादो फिगेइरा या न्यायालयाच्याच अधिकाऱ्याने केलेली १६२३ पर्यंतच्या सुमारे ३,८०० खटल्यांची सूची लिस्बनच्या राष्ट्रीय ग्रंथालयात शाबूत आहे. साष्टी-वसईकडच्या माणसांचा माग काढायचा, तर सुरुवात तिथूनच करावी लागते.