पैजेचा घास कुणाच्या ताटात?

टेक्सासमधल्या एल पासो शहराला लागून फोर्ट ब्लिस हा अमेरिकी लष्कराचा अवाढव्य तळ आहे. ४ जुलै २०२४ रोजी, अमेरिकेच्या स्वातंत्र्यदिनी, तिथे पाच मिनिटांची एक पैज लागली. एका बाजूला चार जवान, दुसऱ्या बाजूला एकटा जोई चेस्टनट, खाण्याच्या स्पर्धांमधला व्यावसायिक. चौघांनी मिळून ४९ हॉट डॉग संपवले. चेस्टनटने एकट्याने ५७. टेबल आवरलं गेलं तेव्हा आपत्तीत सापडलेल्यांना गरम जेवण पुरवणाऱ्या ‘ऑपरेशन बार्बेक्यू रिलीफ’ या संस्थेला एक लाख सहा हजार डॉलर देण्याचा शब्द लोकांनी दिलेला होता. त्या वेळच्या दराने सुमारे ८८ लाख रुपये.

ताटात चार शितं राहिली म्हणून बोलणी खाल्लेल्या मराठी पिढ्यांना ही बातमी पचणं अवघड आहे. अन्नाचा असा खेळ मांडणं हाच अपराध, मग त्यातून पैसे कुणाला मिळाले याची चौकशी कशाला करायची, असं अनेकांना वाटेल. हा संताप चांगल्या संस्कारातून आलेला आहे. पण तेवढ्यावर विषय मिटवला, तर या माणसाचं आयुष्य आणि त्याच्या धंद्यातला खरा प्रश्न, दोन्ही नजरेआड होतात.

चेस्टनटचा जन्म १९८३ चा, केंटकी राज्यातला. वाढला कॅलिफोर्नियातल्या वालेहो शहरात. सॅन होजे इथल्या सरकारी विद्यापीठात तो बांधकाम क्षेत्राशी संबंधित शिक्षण घेत होता. २००५ मध्ये स्टॉक्टन शहरातल्या अॅस्परॅगसच्या जत्रेत तो उतरला. अॅस्परॅगस म्हणजे शतावरीच्या कुळातले कोवळे कोंब. तिथे ते तळून वाढतात. साडेअकरा मिनिटांत या पोराने पावणेतीन किलोहून जास्त कोंब फस्त केले आणि मुरलेल्या स्पर्धकाला मागे टाकलं. त्याच वर्षी ४ जुलैला तो न्यूयॉर्कच्या कोनी आयलंडवरच्या हॉट डॉग खाण्याच्या स्पर्धेत पोचला आणि ३२ खाऊन तिसरा आला.

कोनी आयलंड ही या खेळाची पंढरी. समुद्रकिनाऱ्यावरचं ‘नेथन्स’ हे दुकान १९१६ मध्ये नेथन हँडवर्कर या पोलंडहून आलेल्या माणसाने सुरू केलं आणि पाच सेंटला हॉट डॉग विकून नाव काढलं. दुकान उघडलं त्याच वर्षी चार परदेशी मजुरांमध्ये ‘जास्त देशभक्त कोण’ यावरून वाद झाला आणि त्यांनी तो हॉट डॉग खाऊन मिटवला, अशी कथा वर्षानुवर्षं सांगितली गेली. ती कथा जाहिरातीसाठी रचलेली होती, हे मॉर्टिमर मॅट्झ या प्रसिद्धीच्या धंद्यातल्या जुन्या माणसाने २०१० मध्ये स्वतःच कबूल केलं. नेथन्सच्या स्पर्धेची खरी नोंद सापडते ती १९७० च्या दशकापासून. म्हणजे या खेळाच्या मुळाशी जाहिरात आहे आणि पुढचा सगळा हिशेब मांडताना ते विसरून चालणार नाही.

जाहिरातीच्या या करमणुकीला खेळाचं रूप दिलं ते एका जपानी तरुणाने. नागानोचा ताकेरू कोबायाशी २००१ मध्ये पहिल्यांदा तिथे आला तेव्हा विक्रम होता पंचवीसच्या किंचित वर. साठेक किलो वजनाच्या कोबायाशीने बारा मिनिटांत ५० खाल्ले. आकडा दाखवायच्या पाट्या संपल्या, संयोजकांना हाताने लिहून पाट्या धराव्या लागल्या. त्याची युक्ती साधी होती. सॉसेज वेगळं काढायचं, मधोमध मोडून दोन्ही तुकडे एकदम तोंडात टाकायचे. पाव पाण्यात बुडवून, पिळून गिळायचा. इराण्याकडे ब्रून चहात बुडवून खाणाऱ्याला हे समजावून सांगावं लागणार नाही. बाकीचे स्पर्धक ‘आणखी एक कसा खाऊ’ असा विचार करत होते. कोबायाशीने ‘एक खायला सोपा कसा करू’ हा प्रश्न धरला. २००१ ते २००६ अशी सलग सहा वर्षं त्याने ती स्पर्धा जिंकली.

चेस्टनटने त्याला २००७ मध्ये ६६ विरुद्ध ६३ असं हरवलं. पुढच्या वर्षी स्पर्धा दहा मिनिटांची झाली, दोघेही ५९ वर अडकले आणि निकाल लागायला जादा फेरी घ्यावी लागली. त्यानंतर, २०१५ चा एक पराभव सोडला, तर २०२३ पर्यंत चेस्टनटला तिथे कुणी हरवू शकलं नाही. २०२१ मध्ये ७६ हॉट डॉग, हा त्या मंचावरचा विक्रम. २०२२ मध्ये पाय दुखावलेला असतानाही त्याने ६३ खाल्ले. स्पर्धेआधी काही दिवस घन अन्न बंद करायचं, सरावासाठी ठरावीक अंतराने पोटाला ताण द्यायचा, श्वासाचे व्यायाम करायचे, असा त्याचा क्रम असतो. हे सगळं हौसेने होत नाही. दहा मिनिटांच्या कामासाठी वर्षभर शरीराला शिस्त लावणारा हा माणूस खादाड नाही, तो कसबी आहे.

दोघांच्याही वाटेत कंत्राट आडवं आलं. २०१० मध्ये ‘मेजर लीग ईटिंग’ या संयोजक संस्थेशी करार न जमल्याने कोबायाशीला स्पर्धेत उतरता आलं नाही. स्पर्धा संपल्यावर तो मंचावर चढू लागला, पोलिसांनी त्याला धरून नेलं आणि रात्र कोठडीत काढावी लागली. खटला पुढे टिकला नाही. २०२४ मध्ये चेस्टनटची पाळी आली. वनस्पतिजन्य सॉसेज विकणाऱ्या ‘इम्पॉसिबल फूड्स’शी त्याने करार केला आणि नेथन्सच्या मंचाचं दार त्याला बंद झालं. ४ जुलैला कोनी आयलंडवर शिकागोचा पॅट्रिक बर्टोलेटी दहा मिनिटांत ५८ खाऊन जिंकला. तिकडे एल पासोत चेस्टनटने पाच मिनिटांत ५७ खाल्ले.

बाहेर काढलं गेल्यावर त्याला घरी बसता आलं असतं, वकिलाला पुढे करता आलं असतं. त्याने सैनिकांसमोर बसून मदतनिधी उभा केला. नेथन्सच्या विजेत्याला दहा हजार डॉलर मिळतात. फोर्ट ब्लिसला जमलेला आकडा त्याच्या दहापटीहून मोठा होता. दोन महिन्यांनी लास वेगासमध्ये नेटफ्लिक्सने चेस्टनट आणि कोबायाशी यांचा सामना थेट दाखवला. चेस्टनटने तिथे ८३ खाल्ले, कोबायाशीने ६६. विजेत्याचं बक्षीस होतं एक लाख डॉलर. म्हणजे त्या वर्षी स्वतःसाठी मिळवलेल्या सर्वांत गाजलेल्या बक्षिसापेक्षा त्याने दुसऱ्यांच्या जेवणासाठी उभी केलेली रक्कम जास्त भरते. या तुलनेत चेस्टनट मोठा दिसतो आणि त्याला ते श्रेय मोकळ्या मनाने द्यायला हवं.

ते पैसे ज्या संस्थेकडे गेले तिची हकिकतही सांगण्यासारखी आहे. २२ मे २०११ रोजी मिझूरी राज्यातल्या जॉप्लिन शहरावर भयंकर टॉर्नेडो आदळला. दीडशेहून जास्त माणसं गेली, वस्त्याच्या वस्त्या सपाट झाल्या. अमेरिकेत मांस धुरावर मंद शिजवण्याच्या स्पर्धा भरतात. त्यात भाग घेणारे आचारी आपापल्या भट्ट्या ट्रेलरवर लादून तिथे पोचले आणि दोन आठवड्यांच्या आत त्यांनी लाखाहून जास्त जेवणं वाढली. परीक्षकांसाठी दहा-बारा तास भट्टीपाशी जागायची त्यांना सवय होती, तीच तिथे कामाला आली. त्यातून ही संस्था उभी राहिली. स्पर्धेसाठी रांधणाऱ्यांनी सुरू केलेल्या कामाला स्पर्धेसाठी खाणाऱ्याने हात लावला, हे अगदी जुळून आलं.

आता नासाडीचा मुद्दा. नेथन्स कंपनी या स्पर्धेच्या निमित्ताने दरवर्षी न्यूयॉर्कच्या फूड बँकेला एक लाख हॉट डॉग देते. मंचावर पुरुष आणि स्त्रिया मिळून खातात ते हजाराच्या आसपास. एका शहरातल्या लग्नसराईत एका रात्री जेवढं अन्न उष्ट्यात जातं, त्याच्याशी या हजाराची तुलना करून पाहावी. नासाडी म्हणून बोट दाखवायचंच असेल, तर ते आधी आपल्या बुफेच्या टेबलांकडे वळवावं लागेल.

खरा आक्षेप शरीराबद्दलचा आहे आणि तो गंभीर आहे. पेनसिल्व्हेनिया विद्यापीठातल्या डॉक्टरांनी २००७ मध्ये एका व्यावसायिक खाणाऱ्याचं पोट खाता खाता क्ष-किरणाखाली पाहिलं. दहा मिनिटांत ३६ हॉट डॉग गेले तरी पोट आकुंचन पावेना. ते सैल पिशवीसारखं फुगत राहिलं. तुलनेसाठी बसवलेला धट्टाकट्टा माणूस सात खाऊन थांबला होता. वर्षानुवर्षं असं ताणलेलं पोट कालांतराने अन्न पुढे ढकलायचंच विसरू शकतं, असा इशारा त्यांनी दिला.

कोबायाशीने २०२४ मध्ये, पोटाच्या आरोग्यावरच्या एका माहितीपटात, आपल्याला आता भूकच लागत नाही असं सांगितलं. भूक लागली म्हणून जेवणाऱ्या आणि जेवून सुखावणाऱ्या माणसांचा त्याला हेवा वाटतो. वीस वर्षं जगाला चकित करणाऱ्या माणसाच्या तोंडचं हे बोलणं ऐकून पोटात कालवतं. भुकेल्याला अन्न मिळत नाही ही एक यातना, आणि समोर अन्न असून भूक उरलेली नाही ही दुसरी.

आणि त्याहून वाईटही घडतं. २०१७ मध्ये अमेरिकेतल्या कनेक्टिकट राज्यात एका विद्यापीठाच्या आवारात पॅनकेक खाण्याच्या स्पर्धेत वीस वर्षांच्या विद्यार्थिनीच्या घशात घास अडकला. ती वाचली नाही. ती स्पर्धाही मदतनिधीसाठीच भरवलेली होती. व्यावसायिक स्पर्धांत अठरा वर्षांखालच्यांना घेत नाहीत, तातडीची वैद्यकीय मदत बाजूला उभी असते. हौशी संयोजकांना ते सुचत नाही. हेतू चांगला आहे म्हणून घास घशात अडकायचा थांबत नाही.

मग या सगळ्याला मान द्यायचा की नाही? महाभारतातला वृकोदर भीम आठवावा. एकचक्रा नगरीतून दररोज बकासुराला गाडाभर अन्न आणि एक माणूस जायचा. एका ब्राह्मणाच्या घरावर पाळी आली तेव्हा भीम त्यांच्या जागी गेला, राक्षसाच्या देखत गाडाभर अन्न स्वतःच खात बसला आणि मग त्याला मारलं. भीमाच्या त्या जेवणाची गोष्ट आपण पोरांना कौतुकाने सांगतो. त्याची ताकद आणि त्याची भूक गावाच्या कामी आली, म्हणून ती गोष्ट टिकली. बकासुरही तेवढंच खात होता. त्याचं नाव आपण शिवीसारखं वापरतो.

चेस्टनटचं फोर्ट ब्लिसमधलं खाणं भीमाच्या बाजूला बसतं, हे या लेखाचं मत आहे. कारण तिथे पैसे कुणाला जाणार हे आधी ठरलेलं होतं, किती जमले ते सगळ्यांना कळलं आणि खाणारा चाळिशीला आलेला, वीस वर्षांच्या अनुभवाचा माणूस होता. यातली एकही गोष्ट कमी असेल तर ‘समाजकार्यासाठी’ हा शब्द फलकाच्या कोपऱ्यातली सजावट होऊन बसतो आणि मागे उरते ती जाहिरात.

महाराष्ट्रात पैजेचं खाणं नवं नाही. लग्नाच्या पंगतीत जिलेबीच्या पैजा लागत, आग्रह करकरून वाढलं जाई, आणि जुनी माणसं ते किस्से आजही रंगवून सांगतात. पण तिथे घड्याळ नव्हतं. आता उत्सवातल्या मोदक, वडापाव, पाणीपुरी खाण्याच्या स्पर्धांत मिनिटं मोजली जातात, मोबाइलवर चित्रफिती फिरतात आणि शाळकरी पोरंही बाकावर बसवली जातात. मंडळांना एवढंच सांगणं आहे: मुलांना वेळेच्या शर्यतीत उतरवू नका. मोठ्यांची पैज लावणार असाल तर डॉक्टर हजर ठेवा. आणि स्पर्धक जेवढे मोदक खातील त्याच्या दहापट जवळच्या आश्रमशाळेत किंवा बालगृहात पोचवा, आणि तो आकडा विजेत्याच्या नावाच्या वर, मोठ्या अक्षरात लिहा.