अर्ज मागे घेतला म्हणजे शब्द मोडला काय?

पेडणे तालुक्यातील एक वृद्ध गृहस्थ गेल्या महिन्यात मिस्सा आटोपल्यावर आमच्या भेटीस आले. एका राष्ट्रीयीकृत बँकेच्या डिचोली शाखेत त्यांनी चोवीस वर्षे कारकुनी केली होती. प्रश्न पाव शतकापूर्वीचा. पण तो त्यांनी आजवर कोणापाशी काढला नव्हता. "फादर, मी सही करून शब्द दिला आणि पंधरा दिवसांत तो परत घेतला. 'हा अर्ज मागे घेता येणार नाही' असे त्या कागदावरच छापलेले होते. मग मी खोटा ठरलो काय?"

आमच्या तरुण वाचकांसाठी थोडी पूर्वपीठिका सांगितली पाहिजे. १९६९ साली चौदा मोठ्या बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले व पुढे खेडोपाडी शाखा निघाल्या. मुलगा बँकेत लागला म्हणजे घराचे भले झाले, अशी आपल्याकडे समजूत झाली, आणि ती खोटी नव्हती. परंतु २००० साली याच बँकांना आपला नोकरवर्ग जड वाटू लागला. स्वेच्छानिवृत्तीची योजना निघाली. पंधरा वर्षे नोकरी झालेल्या किंवा चाळिशी गाठलेल्या नोकराने अर्ज करावा. त्यास पूर्ण झालेल्या प्रत्येक वर्षामागे साठ दिवसांचा पगार, अथवा उरलेल्या नोकरीचा पगार, यांपैकी जी रक्कम कमी असेल ती मिळावी, अशी ती योजना होती. देशभरात सुमारे एक लाख नोकर तिच्याद्वारे बाहेर पडले.

आमच्या या गृहस्थांनी अर्ज केला तो संगणकाच्या धास्तीने व दूरच्या बदलीच्या अफवेने. घरी त्यांनी सांगितले नाही. कळले तेव्हा पत्नी म्हणाली, "चार माडांचे भाट विकायचे झाले तरी आमच्या गोव्यात माझी सही लागते, आणि सगळ्या घराचे पोट जिच्यावर, ती नोकरी तुम्ही एकट्याच्या सहीने सोडता?" हा प्रश्न कायद्याच्या पुस्तकात नाही, पण आम्हांस तो पुस्तकातल्या पुष्कळ प्रश्नांहून मोठा वाटला. दुसऱ्याच दिवशी त्यांनी अर्ज मागे घेत असल्याचे पत्र दिले व पोच घेतली. बँकेने ते मानले नाही. काही आठवड्यांनी अर्ज मंजूर झाल्याचे कळविले, रक्कम खात्यात जमा केली, आणि त्यांची खुर्ची रिकामी झाली.

असे शेकडो खटले देशातील उच्च न्यायालयांत उभे राहिले व शेवटी सर्वोच्च न्यायालयात गेले. १७ डिसेंबर २००२ रोजी बँक ऑफ इंडिया विरुद्ध ओ. पी. स्वर्णकार या प्रकरणात निकाल लागला. बँकेची योजना हे केवळ निमंत्रण होय. नोकराचा अर्ज हा प्रस्ताव होय. आणि १८७२ च्या करार कायद्याप्रमाणे प्रस्ताव स्वीकारला जाईपर्यंत मागे घेता येतो, छापील अट काहीही म्हणो. ज्या योजनेत माघारीची मुदत स्पष्ट दिलेली होती, तिचा विचार न्यायालयाने वेगळा केला. आणि आणखी एक गोष्ट ठरली. ज्याने योजनेची रक्कम स्वीकारली, त्यास मग नोकरी परत मागता येणार नाही.

येथेच आमच्या गृहस्थांचे पाऊल अडले. पावसाळा तोंडावर होता, घराचे छप्पर गळत होते, आणि त्यांनी त्या रकमेतून वासे व कौले आणली होती. दावा पुढे चालला नाही.

त्यांच्या प्रश्नास आम्ही उत्तर दिले ते असे. आपले बोलणे सरळ असावे ही प्रभूची शिकवण आहेच. परंतु एका बाजूने पूर्ण बांधून घ्यावे आणि दुसऱ्या बाजूने अर्ज घेण्या-नाकारण्याचा संपूर्ण अधिकार राखून ठेवावा, हा शब्दाचा व्यवहार नव्हे. आपल्या १९८३ च्या धर्मसंहितेतही विवाहाचे नुसते वचन दिलेल्यास विवाह करण्यास भाग पाडता येत नाही. झालेल्या नुकसानीची भरपाई मात्र त्याजकडून मागता येते. (आम्हांस स्वतःला दीक्षेच्या आदल्या दिवसापर्यंत माघारी फिरता आले असते, आणि त्यासाठी कोणी आम्हांस खोटे म्हटले नसते.) पोप लिओ तेरावे यांनी १८९१ सालच्या आपल्या परिपत्रकात बजावलेच आहे की, गरजेने वा अधिक वाईटाच्या भीतीने कामगाराने मान्य केलेली अट ही खरी संमती नव्हे. त्या वेळी त्यांनी खोटेपणा केला नाही, असे आम्ही निःशंकपणे सांगितले. रक्कम खर्च केल्यावर मात्र व्यवहार पुरा झाला होता, आणि तेथे न्यायालयाचे म्हणणे आम्हांसही पटते. ते ऐकून गृहस्थ थोडे हिरमुसले. पण छपराखाली मुले झोपत होती, हेही त्यांनीच सांगितले. त्यात दोष तो कोणता?

बँकांनाही एकदा आपल्या शब्दाची आठवण करून द्यावी लागली. वीस वर्षे नोकरी करून स्वेच्छेने निवृत्त होणाऱ्याच्या सेवेत जास्तीत जास्त पाच वर्षे मिळवून निवृत्तिवेतन ठरवावे, असा १९९५ च्या नियमांत आधार होता. तो या योजनेतील लोकांस लागू नाही, असे बँका म्हणू लागल्या. मार्च २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने के. मोहनदास यांच्या प्रकरणात म्हटले, की योजना बँकांनीच लिहिली होती. हा लाभ द्यावयाचा नव्हता, तर तसे तिच्यात स्पष्ट लिहावयास हवे होते. आमच्या गृहस्थांची चोवीस वर्षे त्यामुळे एकोणतीस धरली गेली, व थकबाकीही हाती आली. ती रक्कम त्यांनी या खेपेस आधी पत्नीच्या हाती दिली.

आज दुसऱ्या कोणत्या कचेरीत अशी योजना निघाली आणि अर्ज दिल्यावर कोणास पश्चात्ताप झाला, तर त्याने योजनेतील माघारीची मुदत प्रथम वाचावी, माघार लेखी द्यावी, मंजुरी येण्यापूर्वी द्यावी, तारखेसह पोच घ्यावी, आणि खात्यात पैसे आलेच तर त्यांस हात लावण्यापूर्वी वकिलास गाठावे. आमच्या गृहस्थांनी ती जुनी पोच अजून जपून ठेवली आहे. तिच्यावरील बँकेचा शिक्का पुसट झाला असला तरी तारीख वाचता येते.