जिद्दीचे कौतुक पुरे, कठडा हवा

वयोवृद्ध अपंग व्यक्तीचा सत्कार हा आपल्या सभा-संमेलनांतील नित्याचा कार्यक्रम झाला आहे. शाल, श्रीफळ आणि 'दुर्दम्य इच्छाशक्ती' हे शब्द ठरलेले. या सोहळ्याविरुद्ध आम्हांस चार शब्द बोलावयाचे आहेत. वाचकांनी राग मानू नये.

हैदराबादेतील एका सभागृहात गुडघे निकामी झालेल्या एका विदुषींचा असाच सत्कार झाला. सभागृह पहिल्या मजल्यावर. दोन तरुणांनी त्यांना खुर्चीसकट उचलून वर नेले आणि सभेने टाळ्या वाजविल्या. त्या वाजविणाऱ्यांत आम्हीही होतो. परत उतरताना पाहिले, तर जिन्याला कठडा एकाच बाजूस होता आणि तोही मधेच तुटलेला.

जिद्द खोटी असते असे आमचे म्हणणे नाही. काचीगुडा, सुलतान बाजार, गौळीगुडा येथील जुन्या मराठी घरांत ती रोज दिसते. दृष्टी गेलेले गृहस्थ पायऱ्या मोजून खाली उतरतात. पायांनी अधू झालेल्या आजी दोरीला पिशवी बांधून सज्जातून भाजी वर ओढून घेतात. ऐकू न येणारे आजोबा ओठांच्या हालचालींवरून बोलणे ओळखतात. ही मंडळी हे पराक्रम म्हणून करीत नाहीत, दुसरा उपाय नाही म्हणून करतात. जी अडचण आपण दूर करू शकतो ती तशीच ठेवावयाची आणि तिच्यावर मात करणाऱ्यास शाल पांघरावयाची, यास आम्ही ढोंग म्हणतो.

२०१५ च्या अखेरीस 'दिव्यांग' हा शब्द रूढ करण्यात आला. पायरी होती तेथेच राहिली. २०११ च्या जनगणनेनुसार देशातील २ कोटी ६८ लाख अपंगांत सुमारे एकपंचमांश साठी ओलांडलेले होते. २०१६ च्या कायद्याने सार्वजनिक इमारती सुगम करण्यास नियम निघाल्यापासून पाच वर्षांची मुदत दिली. ती २०२२ मध्ये संपली. लोकांच्या वापरातील खासगी इमारतीही या व्याख्येत येतात. सुगम्यतेचे नियम शिफारशीवजा न राहता बंधनकारक असावेत, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२४ मध्ये दिला. त्यासाठी न्यायालयाने अहवाल मागविला होता तो आमच्याच हैदराबादच्या नालसार विधी विद्यापीठाकडून. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच!

इमारत जुनी, पैसा नाही, हा आक्षेप आम्हांस ठाऊक आहे. एक फूट उंचीस बारा फूट लांबीचा उतार लागतो. तो, दोन्ही बाजूंचे कठडे आणि तळमजल्यावरील सभा यांना काही राजवाड्याचा खर्च येत नाही. दुसरा आक्षेप असा, की वृद्धच म्हणतात, 'नको, येईन मी हळूहळू.' ही त्यांची भीड आहे, संमती नव्हे. तक्रार नाही त्या अर्थी गैरसोय नाही, असा शेरा सरकारी नोकरीत आम्हीही फाइलींवर मारला आहे. त्यातील फोलपणा आज आमच्याच गुडघ्यांनी आम्हांस शिकविला.

म्हणून आमची सूचना इतकीच, की जिन्याचा कठडा दुरुस्त होईपर्यंत एकही सत्कार वरच्या मजल्यावर होऊ नये. कोणी उचलून न आणता सत्कारमूर्ती आत येतील, त्या दिवशी टाळ्या आम्ही सर्वांआधी वाजवू.