पडद्यामागचे हात : कात्रीचा कलावंत

दोस्तांनो, सिनेमा सुरू झाला की पडद्यावर नावं येतात. नट-नट्यांची नावं आपण हौसेनं वाचतो. पण 'संकलन' या शब्दाखालचं नाव कितीजण वाचतात, सांगा बरं?

आज अशाच एका नावाची ओळख करून घेऊ. आपल्या सिंधुदुर्गाच्या दक्षिणेला, तेरेखोलच्या खाडीपलीकडे गोवा. तिथल्या पोंबुर्फा गावी १९३२ साली वामन भोसले यांचा जन्म झाला. १९५२ मध्ये ते मुंबईला आले आणि बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै या संकलकांच्या हाताखाली काम शिकू लागले. पुढे ते फिल्मिस्तान स्टुडिओत गेले.

आता तुम्ही विचाराल, संकलक करतो तरी काय? समजा, मालवणच्या धक्क्यावरून होडी किल्ल्याकडे निघालीय. आपल्याकडे फिल्मचे तीन तुकडे आहेत : मुलीचा घाबरलेला चेहरा, उसळलेली लाट आणि तिचाच हसरा चेहरा. याच क्रमानं जोडले, तर मुलगी धीट झाली असं वाटेल. आता पहिला आणि शेवटचा तुकडा अदलाबदल करा. मुलगी एकदम भित्री झाली की नाही? तुकडे तेच, गोष्ट मात्र वेगळी!

त्या काळी हे काम हातानं चाले. फिल्मवर एका सेकंदाला २४ चित्रं असत. म्हणजे अडीच तासांच्या सिनेमाला साडेतेरा हजार फूट फिल्म! चित्रीकरण तर त्याच्या कितीतरी पट जास्त झालेलं असे. रापणीला आलेली सगळीच मासळी काही पाटीत जात नाही, तसंच हे. काय ठेवायचं आणि काय टाकायचं, ते संकलकानं ठरवायचं. दिग्दर्शकाला आवडलेलं दृश्यसुद्धा कधी कधी कापावं लागतं, बरं का!

वामनरावांनी वर्षानुवर्षं सहायक म्हणून उमेदवारी केली. स्वतंत्र संकलक म्हणून त्यांचा पहिला चित्रपट 'दो रास्ते' आला तो १९६९ साली. मुंबईत येऊन तेव्हा सतरा वर्षं झाली होती! मग गुरुदत्त शिराली यांच्याबरोबर त्यांची जोडी जमली. 'मेरा गाँव मेरा देश', 'आँधी', 'कर्ज' हे सिनेमे तुमच्या आईबाबांना नक्की आठवतील. १९७७ च्या 'इन्कार'साठी या जोडीला संकलनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २६ एप्रिल २०२१ रोजी वामनराव गेले.

गंमत अशी, की संकलन जितकं चांगलं, तितकं ते आपल्या लक्षातच येत नाही. म्हणून या रविवारी एक खेळ खेळा. आवडत्या सिनेमातली फक्त दोन मिनिटं पाहा. दृश्य बदललं की एक टाळी वाजवा. आईबाबांनाही सोबत घ्या. टाळ्या मोजून थकाल! आणि पुढच्या वेळी 'संकलन' हा शब्द आला, की त्याखालचं नाव मोठ्यानं वाचा हं.