मेटाच्या न्यूरल बँडसारखी आयडिया १९८० च्या दशकातच स्टेजवर दिसली होती!

सप्टेंबर २०२५ मध्ये मेटाने डिस्प्लेवाला रे-बॅन चष्मा आणला. किंमत ७९९ डॉलर, विक्री सुरुवातीला फक्त अमेरिकेत. चर्चा चष्म्याचीच झाली, पण खरी गंमत आहे सोबतच्या मनगटी पट्ट्यात, म्हणजे न्यूरल बँडमध्ये. अंगठा बोटाला टेकवला की क्लिक, बोटावरून सरकवला की स्क्रोल.

हे चालतं कसं?

बोट हलवायचं असलं की मेंदूचा आदेश मज्जातंतूंमधून स्नायूपर्यंत जातो आणि तिथे अगदी बारीक विद्युत सिग्नल तयार होतो. बोटं हलवणारे बरेचसे स्नायू कोपर ते मनगट या भागात असतात. म्हणून बँडचे सेन्सर तो सिग्नल त्वचेवरूनच पकडतात. याला ईएमजी म्हणतात. कोणता पॅटर्न म्हणजे कोणती हालचाल, हे सॉफ्टवेअर ओळखतं.

तिसरा हात

आता भेटा स्टेलार्क यांना. जन्म १९४६, सायप्रस, वाढले ऑस्ट्रेलियात. स्वतःचं शरीर हेच या परफॉर्मन्स आर्टिस्टचं माध्यम. १९८० मध्ये जपानमध्ये त्यांचा 'थर्ड हँड' तयार झाला. हा यांत्रिक हात उजव्या हाताला जोडलेला असायचा आणि पोटाच्या व पायाच्या स्नायूंच्या ईएमजी सिग्नलवर चालायचा. १९८२ मध्ये टोकियोत त्यांनी तिन्ही हातांनी मिळून 'इव्होल्यूशन' हा इंग्रजी शब्द लिहिला.

मग वायर उलटी फिरली

१९९५ च्या 'फ्रॅक्टल फ्लेश'मध्ये ते होते लक्झेंबर्गमध्ये. पॅरिस, हेलसिंकी आणि अ‍ॅमस्टरडॅममधले लोक टचस्क्रीनवरून त्यांचे स्नायू निवडायचे, विजेचा झटका बसायचा आणि यांचे हातपाय आपोआप हलायचे. १९९६ च्या 'पिंग बॉडी'त तर समोर माणूसही नव्हता. गेम खेळताना वाढला की आपण वैतागतो, तोच पिंग त्यांचं शरीर हलवत होता.

म्हणजे शरीर आधी इनपुट होतं, मग आउटपुट झालं.

आपल्याला काय त्याचं?

न्यूरल बँड झटके देत नाही, तो सिग्नल वाचतो. पण स्टेलार्क यांनी स्टेज, वेळ आणि मर्यादा स्वतः ठरवल्या होत्या. आपण मात्र अटी न वाचताच 'आय अ‍ॅग्री' दाबतो. ईएमजी ही डॉक्टरांचीही तपासणी आहे. त्यात क्लिकपेक्षा बरंच जास्त दिसू शकतं, जसं की स्नायूंचा थकवा किंवा हाताची थरथर.

अमेरिकेतल्या कोलोरॅडो आणि कॅलिफोर्नियाने २०२४ मध्ये मज्जासंस्थेतून मिळणारा डेटा कायद्याने 'संवेदनशील' ठरवला. आपल्या २०२३ च्या डेटा संरक्षण कायद्यात संमतीची अट आहे, पण 'संवेदनशील' असा वेगळा वर्गच नाही. तुमचा मोबाइल नंबर आणि तुमच्या स्नायूंचा सिग्नल, दोन्ही एकाच रांगेत!

म्हणून असं गॅजेट घेताना बॅटरीच्या आधी तीन गोष्टी बघा: कच्चा सिग्नल डिव्हाइसमध्येच राहतो की सर्व्हरवर जातो? तो एआय ट्रेनिंगसाठी वापरतात का? आणि डिलीट करता येतो का?

पासवर्ड लीक झाला तर बदलता येतो. मनगट बदलता येत नाही.