असिरियन लोक संग्रहालयात राहत नाहीत

जगाच्या इतिहासाच्या पुस्तकांत असिरियन लोक एका प्रकरणात येतात आणि त्याच प्रकरणात मरतात. इ.स.पू. ६१२ मध्ये निनेव्हे पडले, साम्राज्य बुडाले, विषय संपला. पण राज्य बुडाले म्हणून माणसे बुडत नाहीत. इराक, सीरिया, तुर्कस्तान आणि इराणमध्ये विखुरलेला एक ख्रिस्ती समाज आजही स्वतःला असिरियन म्हणवतो, १ एप्रिलला नववर्ष साजरे करतो आणि घरात सुरेत बोलतो. सुरेत म्हणजे प्राचीन आरामी भाषेची आजची बोली.

उर्दू वाचणाऱ्याला ही भाषा परकी वाटू नये. आपला सलाम त्यांचा ‘श्लामा’, आपला मलिक त्यांचा ‘मल्का’. अरबी आणि आरामी या बहिणीच आहेत. आपण बगदादच्या अब्बासी काळाचा अभिमान सांगतो. ग्रीक वैद्यक आणि तत्त्वज्ञान अरबीत आले, असे भाषणांतून ऐकवतो. ते आणले कोणी? त्यातला मोठा वाटा सुरियानी ख्रिस्ती विद्वानांचा होता. नवव्या शतकातले हुनैन इब्न इसहाक याच पूर्वेकडील चर्चचे. गॅलेनचे ग्रंथ त्यांनी सुरियानीत आणि अरबीत नेले. ज्या चर्चच्या लोकांनी आपल्या सुवर्णयुगाची पायाभरणी केली, त्यांच्या वारसांचे नावही आपल्याला माहीत नसावे?

काही जण म्हणतात, हे लोक प्राचीन असिरियनांचे वंशज कशावरून? हे नाव तर एकोणिसाव्या शतकात मिशनरी आणि उत्खनन करणाऱ्यांनी रूढ केले. राष्ट्रीय ओळख म्हणून त्या नावाचा प्रसार त्या काळात झाला, हे खरे. त्यांच्यातही कोणी स्वतःला खाल्डियन म्हणवतात, कोणी सुरियानी. पण साम्राज्याच्या शेवटच्या शतकांतच तिथे आरामी बोलली जात होती आणि निनेव्हेच्या त्याच मैदानात ती आजही बोलली जाते. राष्ट्रीय ओळख आधुनिक काळात घडली म्हणून खोटी ठरवायची, तर जगात किती राष्ट्रे उरतील?

नावावरचा हा वाद निरुपद्रवी नाही. १९७७ च्या जनगणनेत इराकच्या बाथ राजवटीने त्यांच्यापुढे अरब किंवा कुर्द एवढेच पर्याय ठेवले. ‘मुसलमान असून इतके छान मराठी बोलता?’ हा प्रश्न ज्यांनी आयुष्यभर ऐकला, त्यांना तरी कळायला हवे, की तुमची ओळख दुसऱ्याने ठरवणे काय असते.

नाव पुसणे ही तर पुढची पायरी, आधी माणसे पुसली गेली. १९१५ च्या उस्मानी संहाराला ते ‘सैफो’ म्हणतात, म्हणजे तलवार. आपण मुलांचे नाव सैफ ठेवतो, तोच शब्द. १९१९ च्या पॅरिस शांतता परिषदेत त्यांच्या प्रतिनिधींनी मृतांचा आकडा अडीच लाख सांगितला. ऑगस्ट १९३३ मध्ये नव्याने स्वतंत्र झालेल्या इराकच्या लष्कराने सिमेले येथे निःशस्त्र असिरियनांची कत्तल केली. २०१४ मध्ये आयसिसने मोसुलमधल्या ख्रिस्ती घरांवर ‘नून’ हे अक्षर रंगवले. नून म्हणजे नसारा. धर्मांतर करा, जिझिया द्या, नाहीतर मरा, असा हुकूम निघाला आणि शहर ख्रिस्त्यांविना झाले.

पॅलेस्टाईनसाठी आपण रस्त्यावर उतरतो आणि उतरलेच पाहिजे. पण मारणारा आपल्या धर्माचे नाव घेत असेल, तेव्हा आपला आवाज का बसतो? ‘तो खरा इस्लाम नव्हे’ एवढे म्हणून आपण हात झटकतो. ज्याच्या घरावर नून रंगवला गेला, त्याला या वाक्याचा काय उपयोग? मोसुल विद्यापीठातले कायद्याचे मुस्लीम प्राध्यापक महमूद अल-असली ख्रिस्ती शेजाऱ्यांसाठी बोलले. आयसिसने त्यांना ठार केले. आपल्या जलशांत, खुतब्यांत त्यांचे नाव किती वेळा ऐकले?

इराकच्या २००५ च्या राज्यघटनेने सुरियानी भाषेला, तिचे भाषक दाटीने राहतात त्या भागांत अधिकृत दर्जा दिला. पण भाषकच शिकागो, सिडनी आणि स्वीडनच्या सोडरटेल्येकडे निघून गेले, तर तो दर्जा कागदावर राहील. भाषा वाचते ती गाव वाचले तर.

अल्पसंख्य म्हणून इथे न्याय मागायचा आणि आपण बहुसंख्य असतो तिथल्या अल्पसंख्याकांबद्दल गप्प बसायचे, हे चालणार नाही. न्यायाची मागणी दोन मापांनी करता येत नाही.