गोरेपणाचा दावा आणि आपला डीएनए

‘ब्राह्मण युरेशियन, आपण मूलनिवासी, डीएनएने सिद्ध झालं!’ वाशिममधल्या आपल्या ग्रुपवर हे सारखं फिरतं. पण मित्रांनो, ‘आम्ही वंशाने वेगळे’ हा दावा कोणाच्या कामाचा होता?

त्या काळी अमेरिकेचं नागरिकत्व गोऱ्यांना आणि आफ्रिकन वंशाच्यांनाच मिळे. १९१३ साली अक्षयकुमार मजुमदार ‘मी उच्चवर्णीय, आर्य, म्हणून गोरा’ असं सांगून नागरिक झाले. पुढे भगतसिंग थिंद (क्रांतिकारक भगतसिंग वेगळे) हीच कैफियत घेऊन सर्वोच्च न्यायालयात गेले. जन्माने शीख, पण पुरावा जातीचा! पिढ्यान्‌पिढ्या जातीबाहेर लग्न नाही, म्हणून रक्त शुद्ध. आणि तुम्ही निग्रोंकडे जसं पाहता, तसंच आमचे उच्चवर्णीय इथल्या आदिवासींकडे पाहतात. काळ्यांच्या बाजूने उभं राहायचं सोडून गोऱ्यांच्या पंगतीत पाट मागितला. १९ फेब्रुवारी १९२३ रोजी न्यायालयाने तो नाकारला. मग आधी नागरिक झालेल्या कित्येक भारतीयांचंही नागरिकत्व सरकारने काढून घेतलं. थिंद यांचे वकील सखाराम गणेश पंडित यांच्यावरही तीच पाळी आली. ते मात्र खटला जिंकले.

१९१३ सालीच बाबासाहेब कोलंबिया विद्यापीठात पोहोचले. १९१६ च्या निबंधात त्यांनी जातीचं मूळ सजातीय विवाहात दाखवलं, रंगात नाही. पंजाबचा ब्राह्मण आणि पंजाबचा चांभार एकाच वंशाचे, हे १९३६ मध्ये लिहिलं. १९४६ च्या ‘शूद्र पूर्वी कोण होते?’ मध्ये आर्य वंशाचा सिद्धान्तच खोडून काढला.

मग थिंदची कैफियत आपण का चालवतो? रक्त वेगळं मानलं की जात निसर्गाची होते, आणि तिला मोडणार कसं?

आणि रिसोड-मालेगावकडच्या आपल्याच मुलींच्या बायोडेटात ‘रंग गोरा’ कोण लिहायला लावतं, हेही पुढच्या बैठकीत विचारणार आहे.